बिडाचा घुमट आणि ताईची खिडकी

भाचीचा फोन आला तेव्हा मी इथे अमेरिकेत, मॅसॅच्युसेट्समधल्या श्रूजबरीत, घरी पोळ्या लाटत होते. "मावशी, बाबा इज गॉन," ती म्हणाली. रडू यायला हवं होतं... मला आधी आठवली ती वॉशिंग्टनजवळच्या हर्नडनमधल्या ताईच्या घरातली गार खिडकी. गेलेल्या माणसाबद्दल लोक चांगलंच लिहितात. मला ते जमणार नाही.

माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान, आमचे भाऊजी, जुन्या इमारतींच्या जतनाचं काम करायचे. वॉशिंग्टनच्या कॅपिटॉलचा, म्हणजे इथल्या संसदेचा घुमट दुरुस्त करणाऱ्यांत ते होते, आणि हे त्यांनी आम्हाला कधी विसरू दिलं नाही. पाहुणे आले की गाडीत घालून तिकडे नेणार. "दगडाचा वाटतो ना? बीड आहे, बीड! ओतीव लोखंड! वरून रंग दिलाय." मग तडा गेलेल्या बिडाला धातूचे टाके कसे घालतात, यावर व्याख्यान. मूळचं आहे ते टिकवायचं, हा त्यांचा धर्म. तो कामावर ठेवून घरी यावं की नाही? ताईला संधिवात. त्या जुन्या लाकडी घरात हिवाळ्यात तिची बोटं अशी आखडायची की कणीक मळता येत नसे. "अहो, विंडोज रिप्लेस करू या ना," ती दरवर्षी म्हणायची. "ओरिजिनल लाकूड आहे. रिपेअर होतंय तोवर रिप्लेस नाही. शाल घे." थंडीच्या तोंडावर ओलं बोट चौकटीवरून फिरवत वारा कुठून येतो ते शोधायचे आणि तेवढीच फट बुजवायचे.

एकदा जेवताना मी भडकले. "भाऊजी, त्या घुमटाखाली हीटिंग आहे ना? मग ताईनंच तुमचं काय घोडं मारलंय?" ते शांतपणे म्हणाले, "इमारत आपली नसते. आपण फक्त राखणदार." ताईनं न विचारता माझ्या पानात भात वाढला, म्हणजे गप्प बस...

दिवस झाल्यावर भाचीनं आणि मी सगळ्या खिडक्या बदलून टाकल्या. जुन्या चौकटी उतरवल्या तेव्हा पाहिलं, कुजलेला भाग काढून तिथे नवं लाकूड इतकं नेमकं बसवलेलं! हात सुरेख होता माणसाचा. त्यानं तर मी जास्तच चिडले. एवढी नजर तड्यांवर, आणि शेजारी बायकोची बोटं दिसू नयेत?

घर आता उबदार आहे. परवा सकाळी स्वयंपाकघरात गेले, तर ताई शाल गुंडाळून नव्या खिडकीपाशी उभी होती, ओलं बोट चौकटीवरून फिरवत.

"ताई, काय करतेस?"

"येत नाहीये गं कुठूनच," ती म्हणाली आणि हुंदके देऊन रडायला लागली.

मी तिला जवळ घेतलं. भाऊजींना मात्र मी अजून माफ केलेलं नाही.