इकडे बघू नका!

आमच्या युनिटचे किस्से मी सांगायला बसलो की बायको आधी गॅस बंद करून येते. युनिट म्हणजे तरी केवढं? स्वीडनहून आलेले लार्ससाहेब, त्यांचा कॅमेरा, आणि दुभाषा म्हणून मी, नगरच्या कॉलेजातला तेव्हाचा नवखा इंग्रजीचा मास्तर. साहेबांनी आपल्या जिल्ह्यावर माहितीपट केला, त्याला आता चाळीसेक वर्षं झाली. किस्से मात्र फिल्मपेक्षा लांब झालेत!

साहेब तिकडे टीव्ही नवा होता तेव्हापासून त्या धंद्यात. घरी पहिला सेट आला, तर त्यांच्या आई केस विंचरून समोर बसायच्या. निवेदक 'गुड इव्हिनिंग' म्हणाला की आईंचंही 'गुड इव्हिनिंग'! साहेबांनी समजावलं, "आई, त्याला तू दिसत नाहीस." आई म्हणाल्या, "पण मला तो दिसतोय ना!"

साहेबांचा नियम कडक. माणसाने कॅमेऱ्यात पाहिलं की तो तुकडा बाद. म्हणून त्यांनी माझ्याकडून एकच मराठी वाक्य घोकून घेतलं, "इकडे बघू नका!" राहात्याच्या बाजारात गोरा माणूस हे खणखणीत ओरडला आणि अख्खा बाजार वळला! एक पेरूवाली म्हणाली, "आता म्हनल्यावर बघावंच लागंल की!"

नागापूरच्या वर्कशॉपात एका कामगाराने मात्र हे फारच मनावर घेतलं. जेवणाच्या सुट्टीत साहेब कॅमेरा ठेवून त्याच्या शेजारी डबा खायला बसले, तर हा तोंड फिरवून म्हणतो, "नको साहेब, फिल्म खराब व्हईल!"

खर्ड्याला चुलीपुढे भाकरी थापणारी एक बाई टिपली होती. गेल्या वर्षी साहेब ती फिल्म लॅपटॉपवर घेऊन आले. ज्यांची आहे त्यांना दाखवायची, हा म्हातारपणीचा हट्ट. त्या बाईची मुलगी कमलताई आता स्वतः आजी झाली आहे. तिने फिल्म पाहिली आणि विचारलं, "हात आयचेच हायेत म्हनत्यात समदे. पर तोंड कुठंय?" ती रांगत होती तेव्हाच आई गेली. घरात एकही फोटो नाही. मला हे इंग्रजीत सांगायला जड गेलं.

साहेबांनी लॅपटॉप मिटला. मग म्हणाले, "चेहरा होता. मीच कापला."

घरी जाऊन त्यांनी कापलेल्या तुकड्यांचे जुने डबे उपसले. या हिवाळ्यात काठी टेकत पुन्हा खर्ड्याला आले. कमलताई स्क्रीनसमोर डोक्यावर पदर सारखा करून बसली.

चूल, धूर, मान खाली घालून भाकरी थापणारी आई. मागून लार्ससाहेबांचा तेव्हाचा खणखणीत आवाज, "इकडे बघू नका!" आणि आईने झटकन मान वर केली. सरळ आमच्याकडे पाहिलं, पिठाचा हात तोंडाला लावून हसली. तेवढ्यात तुकडा संपला.

कमलताईने डोळे पुसले नाहीत. स्क्रीनवरची नजर न काढता म्हणाली, "साहेब, परत म्हना की."

मी भाषांतर करायला तोंड उघडलं, पण साहेबांना कळलं होतं. त्यांनी तुकडा मागे नेला, लॅपटॉपचा आवाज बंद केला आणि स्वतःच म्हणाले, "इकडे बघू नका!"