खोक्यावरचा फुटबॉलपटू

माझा मेहुणा बोटीवर नोकरीला होता. एका खेपेला तो टीव्हीला जोडायचा फुटबॉलचा व्हिडिओ गेम घेऊन आला. खोक्यावर कोणी परदेशी खेळाडू छापला होता, लांब केस वाऱ्यावर उडणारे, छाती फुगवलेली. टीव्हीवर त्याच्या जागी काडीएवढे ठिपके धडपडत. तेवढ्यासाठी त्या दिखाऊ माणसाने आपलं तोंड विकलं होतं. आणि मी त्यावर भाळलो.

मी शाळेत कारकून होतो, गावच्या संघाची निवडही माझ्याकडे होती. आमचा सर्वांत चांगला खेळाडू रापण, म्हणजे मासेमारीचं मोठं जाळं, किनाऱ्यावर ओढणारा, वाळूत अनवाणी खेळून तयार झालेला. बांद्याच्या सामन्याला मी त्याला वगळून मुंबईहून आलेला एक लांबकेशा घेतला, खोक्यावरच्यासारखा दिसायचा म्हणून.

सामन्याच्या दिवशी सकाळची रापण अर्धी सोडून आमचा तो मच्छीमार खेळाडू मैदानावर आला. "भाऊनु, माका घेतलात मां?"

"तुझ्या अंगाक मासळीचो वास येता. संघाच्या फोटोत बरो दिसूचस नाय."

तो हसला. "मगे गोल काय फोटो मारतलो?"

आम्ही वाईट हरलो. लांबकेशाला चेंडू धड अडवता येईना. त्याला का वगळलं म्हणून गावात लोकांनी जाब विचारला तेव्हा मी सांगितलं, "तो दारू पिऊन आला होता, कसा घेणार?"

लोकांनी माझ्यावर विश्वास ठेवला, कारण मी कारकून आणि तो मच्छीमार. पुन्हा त्याला कोणी खेळायला बोलावलं नाही. त्याने दारूला कधी हात लावला नव्हता. खोटं मी बोललो होतो.