थॉर्नबीसाहेबाचा पियानो

सुलभाताई टेंबे यांनी पुण्याच्या एका दप्तरखान्यात चौतीस वर्षं मोडी कागद वाचले. यजमान गेल्यावर मुलगा चारुदत्त त्यांना न्यूझीलंडमधल्या 'अप्पर हट' या गावी घेऊन आला. तो सकाळच्या ट्रेननं वेलिंग्टनला जायचा, सून अस्मिता दार लावून घरूनच काम करायची. बोलायला माणूस नाही, म्हणून सुलभाताई लायब्ररीत जाऊन बसू लागल्या, तिथल्या इतिहास मंडळाच्या खोलीत मुलांसाठी मराठी गोष्टींचा तासही घेऊ लागल्या. तिथंच त्यांची गाठ हिलरी प्रेंटिसशी पडली.

हिलरी त्या इतिहास मंडळाची अध्यक्ष, सत्तरी उलटलेली, ताठ बाई. तिचे पणजोबा फ्रेडरिक थॉर्नबी विसाव्या वर्षी खानदेशात असिस्टंट कलेक्टर होऊन गेले. पस्तिशीत न्यूझीलंडला येऊन मॅजिस्ट्रेट झाले, तिथल्या मूळ रहिवासी माओरींच्या जमिनींचे निवाडे केले. त्यातल्याच एका जमिनीवर स्वतः मेंढ्या पाळल्या आणि ब्याऐंशीव्या वर्षी आपल्या पलंगावर सुखानं मेले. एका रस्त्याला अजून त्यांचं नाव आहे. मंडळ त्यांच्यावर प्रदर्शन भरवणार होतं.

"त्यांच्या पेटीत इंडियातली पत्रं आहेत," हिलरी म्हणाली. "प्रजेनं मानलेले आभार. आमच्या घरात सगळ्यांना ठाऊक आहे, पण वाचता कुणालाच येत नाही. आणि खाली बघा, किती गोड चित्रं काढलीत!"

सुलभाताईंनी कागद हातात घेतला आणि त्या खुर्चीत सावरून बसल्या. ती चित्रं नव्हती. लिहिता न येणाऱ्या कुणब्यांनी सहीऐवजी काढलेले ते नांगर होते. अकरा नांगर, आणि शेवटी तीन गोल. बांगड्या. म्हणजे अर्जात तीन बायकाही होत्या.

कागद १८६८ सालचा. सुरुवातीला 'मेहेरबान', 'गरीबपरवर' अशी अदबीची भाषा होती, ती काय प्रत्येकच अर्जात असे. पुढचा मजकूर मात्र आभाराचा नव्हता. ऐन पेरणीत थॉर्नबीसाहेबानं मुक्काम हलवायला काढला. मडमेचा पियानो नदीपार न्यायला गावातली माणसं वेठीला धरली. नदीला पूर होता. पाटलानं दोन दिवस थांबा म्हणून हात जोडले, तर त्यालाच चाबकानं फोडला. तराफा कलला. रामा, धोंडू आणि येसू वाहून गेले. पियानो वाचला. त्या बांगड्या त्यांच्या विधवांच्या.

सुलभाताईंनी पुन्हा पहिली ओळ बघितली. अर्ज थॉर्नबीला लिहिलेलाच नव्हता. तो होता त्याच्या वरच्या साहेबाला. ह्यानं तो मधल्यामध्ये दाबला, आणि सोबत घेऊन समुद्र ओलांडला.

चार दिवसांत त्यांनी शब्दन् शब्द इंग्रजीत उतरवून दिला. हिलरीनं उभ्यानंच तो वाचला. तिच्या गालांवर लाल डाग उमटले.

"हे एका बाजूचं झालं. खेडूत माणसं वाढवून सांगतात."

"तीन माणसं मेली, ती वाढवून?"

"तुम्हाला इथं लोकांनी प्रेमानं सामावून घेतलं, मिसेस टेंबे. ही त्याची परतफेड?"

सुलभाताईंनी आयुष्यात वरिष्ठांना उलट उत्तर दिलं नव्हतं. त्या दिवशीही दिलं नाही. घरी येऊन मात्र पोळ्या लाटताना त्यांचं लाटणं इतकं आपटत होतं, की अस्मिता मीटिंग सोडून बाहेर आली.

"आई, काय झालं?"

त्यांनी सगळं सांगितलं. चारुदत्तनं रात्री जेवताना समजावलं, "आई, दीडशे वर्षांपूर्वीची गोष्ट. ह्या लोकांत आपल्याला राहायचंय. तू सोडून दे ना."

प्रदर्शन उघडलं त्या दिवशी जोराचा वारा सुटला होता. हॉलमध्ये शंभरेक माणसं होती. 'किआ ओरा' असं माओरी भाषेतलं स्वागत झालं, भाषण झालं. मधोमध पॉलिश केलेला पियानो होता, 'दोन खंड पार करून आलेला'. शेजारच्या काचेत तो अर्ज, आणि खाली पाटी: 'खानदेशच्या प्रजेचं आभारपत्र. वाचन: सुलभा टेंबे.'

आपलं नाव वाचून सुलभाताईंच्या कानशिलात रक्त चढलं. त्या सरळ हिलरीसमोर गेल्या.

"हे मी वाचलेलं नाही. पाटी काढा."

"आज नको. आपण नंतर बोलू."

"मग मी आत्ता वाचते."

त्यांनी पर्समधून आपला कागद काढला आणि हॉलच्या मधोमध उभं राहून आधी मराठीत, मग इंग्रजीत वाचायला सुरुवात केली. कुणीतरी 'प्लीज, प्लीज' म्हणालं. तीन नावं त्यांनी दोनदा घेतली. काहीजण चहाचे कप ठेवून निघून गेले. मागच्या रांगेत बसलेल्या एक माओरी बाई उठल्या, आणि वाचन संपेपर्यंत उभ्याच राहिल्या. टाळी कुणी वाजवली नाही. चारुदत्त जमिनीकडे बघत होता. अस्मितानं मात्र फोनवर सगळं रेकॉर्ड केलं.

दुसऱ्या दिवशी काच रिकामी होती. कागद 'जतनासाठी' हलवलाय, असं मंडळानं सांगितलं. पियानो जागीच राहिला. सुलभाताईंच्या मराठी गोष्टींच्या तासाला मंडळानं आपली खोली पुन्हा दिली नाही. हिलरी कोपऱ्यावरच्या दुकानात दिसली तर दुसऱ्या बाजूनं निघून जाई, आणि सुलभाताईही तिला हाक मारत नसत. तिची दया त्यांना एकदाही आली नाही.

पण काचेतल्या मूळ अर्जाचे फोटो अस्मितानं प्रदर्शन उघडलं त्याच दिवशी काढून ठेवले होते. ते आणि आपलं वाचन सुलभाताईंनी वेलिंग्टनच्या एका दप्तरखान्याला दिलं, आणि दुसरी प्रत पुण्याला धाडली. त्या मागे उभ्या राहिलेल्या बाईंचा महिन्याभरानं फोन आला. थॉर्नबीनं ज्यांच्या जमिनीचा निवाडा केला, त्या घरातल्या त्या होत्या.

"आमच्याकडेही कागद आहेत," त्या म्हणाल्या. "एकत्र बसून वाचायचे का?"

"उद्याच या," सुलभाताई म्हणाल्या.