मोलकरणीचा आवाज

"अजून गावठी कर. अजून. तू तर तिकडचीच आहेस ना?"

कानातल्या हेडफोनमध्ये दिग्दर्शकाचा आवाज. मी काचेच्या आत, माईकसमोर. तो बाहेर, खुर्चीत रेललेला. नाशिकच्या कॉलेज रोडवरचा स्टुडिओ. एका व्हिडिओ गेमचं मराठी डबिंग चालू होतं.

मला खरं तर त्यात किल्ला लढवणाऱ्या सरदारणीचं काम हवं होतं. ऑडिशनही दिलेली. शाळेत 'आहे'ऐवजी 'हाय' म्हटलं की बाई पट्टी मारायच्या. तेव्हापासून जीभ घासून घासून स्वच्छ केलेली. ऑडिशनमध्ये एक शब्द चुकला नाही. तरी तो म्हणाला, "आवाज दमदार आहे. पण सरदारीण वाटत नाहीस. मोलकरीण कर."

केली. मरणारी बाई, रडणारी बाई, चाबूक खाणारी बाई. किंचाळून घसा सोलवटायचा.

त्या दिवशी आई आली होती. दिंडोरीकडच्या आमच्या गावाहून ती झेंडू घेऊन बाजारात येते. माल संपला तशी म्हणाली, "तुझं काम बघू तरी दे." स्टुडिओत सगळे बूट घालून वावरत होते. आईला मात्र चपला दाराबाहेर काढायला लावल्या.

मोलकरणीचं वाक्य होतं, "मी अडाणी बाई, मालक. मला काय कळतंय?" मी म्हणून म्हणून थकले. त्याला पटेना. मग त्याचं लक्ष आईकडे गेलं.

"मावशी, तुम्हीच म्हणा ना. हिला कळू दे खरं कसं असतं ते."

आई लाजली. खूशही झाली. पोरीच्या कामाला हातभार लागतोय, असं वाटलं तिला. आत येऊन माझ्याशेजारी उभी राहिली. पदर नीट केला.

"म्या आडानी बाई, मालक. मला काय कळतंय?"

काचेपलीकडे सगळे फुटले. कुणीतरी टेबल बडवलं. ते हसू फक्त माझ्या कानात. आईला नुसती हलणारी तोंडं दिसत होती. तीही हसली. त्यांच्यासोबत.

"परत म्हणायला सांग. हात जोडून. हेच रेकॉर्ड करू."

"काय म्हनत्यात?" आईने विचारलं.

मी हेडफोन काढला. माईक चालू होता.

"माझी आई अडाणी नाही. आणि मोलकरीणसुद्धा असं बोलत नाही. हे वाक्य मी म्हणणार नाही."

तो दार उघडून आत आला. "नखरे करू नकोस. नाशकात दुसरं काम कोण देणार आहे तुला?"

"लय झालं," मी म्हणाले. "आता नाय."

इतक्या वर्षांनी माझी बोली आपोआप तोंडात आली. आईचा हात धरून बाहेर पडले.

जिन्यात आई थांबली. "माझ्यावर हसत व्हते ना?"

"हो."

"मंग मला तवाच सांगायचं. म्या बी बोलले असते."

गेम बाजारात आला. ते वाक्य तसंच आहे, दुसऱ्या पोरीच्या आवाजात. लोक हसतात. त्या स्टुडिओने मला परत बोलावलं नाही. माझं डोकं तापट आहे, असं चार ठिकाणी सांगूनही ठेवलंय. असेल तापट. मी अजून ऑडिशन देते, पुण्याला, मुंबईला. लढणाऱ्या बायांची कामं मागते आणि माझ्या बोलीत बोलून दाखवते. नाकारतात. नाकारू द्या. खुनी बाई करेन, चेटकीण करेन, हरणारीही करेन. पण आमच्या माणसांच्या तोंडी लाचारी घालून हसायला माझा गळा मिळणार नाही. कुणालाच नाय.