डावीकडचा हात

हेबर कोचच्या डाव्या हाताला कुणी बसायचं नाही, हे ज्ञानदाला पहिल्याच शनिवारी समजलं. ती नुकतीच मुलीच्या फुटबॉल टीमची मॅनेजर झाली होती. म्हणजे इतर आयांनी "तू किती ऑर्गनाइज्ड आहेस गं" म्हणत ते लोढणं तिच्या गळ्यात बांधलं होतं. मुलींची ओळखपत्रं, संत्र्याच्या फोडींचा डबा, बर्फाच्या पिशव्या असा सगळा संसार घेऊन ती बाकावर टेकणार, तेवढ्यात म्हातारा शांतपणे म्हणाला, "तिथे नको, सेन्योरा. उजवीकडे बसा."

उजवीकडे ऊन होतं. टेक्सासमधल्या फ्रिस्कोचं सप्टेंबरातलं ऊन, सकाळी नऊलाच टाळू तापवणारं. डावीकडे छान सावली होती आणि जागा चक्क रिकामी होती. ज्ञानदा मनातल्या मनात चरफडली आणि उन्हात बसली.

मग कोचने थर्मास उघडला. भोपळ्याचं वाटीएवढं भांडं, त्यात कसलासा कडू पाला, पाल्यात खुपसलेली धातूची नळी. या पेयाला उरुग्वेची माणसं माते म्हणतात आणि एकाच नळीने आळीपाळीने पितात. तो आधी स्वतः प्यायला, पुन्हा गरम पाणी ओतलं आणि भांडं तिच्यापुढे धरलं. नागपूरच्या घरात उष्ट्या-खरकट्याचे धडे गिरवून आलेल्या ज्ञानदाला ते काही झेपेना. "नको, मी पाणीच पिते," ती म्हणाली. त्याने मान डोलावली, भांडं डावीकडच्या रिकाम्या जागेवर ठेवलं आणि तो मैदानाच्या कडेला जाऊन उभा राहिला.

थोड्या वेळाने तिच्या कानावर गुरगुर आली. ग्लासाच्या तळाशी उरलेलं सरबत नळीने ओढल्यावर येते ना, तशीच. ज्ञानदाने वळून पाहिलं. कोच चांगला दहा पावलांवर, पाठमोरा. भांड्यात नुसता चोथा. टेक्सासच्या उन्हात वाटीभर पाणी आटायला कितीसा वेळ लागणार, असं तिने स्वतःला समजावलं.

हेबर एचेगारायचं वय सदुसष्ट. उरुग्वेत नदीकाठच्या ज्या गावात तो जन्मला, तिथे मांस डबाबंद करायचा एक कारखाना होता आणि फुटबॉलचे दोन क्लब होते. बाप कारखान्यात चिकटला, पोरगा क्लबात. एकोणिसाव्या वर्षी त्याला नऊ नंबरचा शर्ट मिळाला. उंची बेताची, पण समोर गोल दिसला की हा गडी बापाचंही ऐकायचा नाही. पुढे राजधानीतल्या दुय्यम क्लबात चार वर्षं, मग इक्वाडोर, मग ग्वाटेमाला, आणि गुडघे कुरकुरायला लागल्यावर डॅलस. तिथे त्या काळी छपराखाली, फळ्यांच्या कुंपणात फुटबॉल खेळायचे आणि परदेशी गड्यांना आवर्जून बोलवायचे. तो खेळ मोडीत निघाला, हेबर मात्र इथेच राहिला. तीस वर्षं दिवसा शाळेची बस हाकायची आणि संध्याकाळी दुसऱ्यांच्या पोरांना बॉल कसा मारायचा ते शिकवायचं. जुन्या कात्रणांत त्याच्या नावावर एकशे अकरा गोल आहेत. तो स्वतः एकशे दहाच सांगतो.

कोच म्हणून त्याचा नियम एकच होता. कुणाचा हात वर दिसला की बॉल त्याला द्यायचा. समोर गोल उघडा पडलेला असला तरी आधी हात. हा नियम मोडला तर तो ओरडायचा नाही. तो त्या मुलीकडे असं बघायचा, की तिला रडू फुटायचं.

ज्ञानदाची मुलगी ऋता, बारा वर्षांची, याच टीमची स्ट्रायकर. ऑक्टोबरात एका मॅचमध्ये ती गोलपुढे एकटी पोचली, थबकली आणि तिने बॉल सरळ डावीकडे ढकलला. डावीकडे चिटपाखरू नव्हतं. समोरच्या टीमच्या पालकांत हशा पिकला. ज्ञानदाला मात्र हसू आलं नाही, कारण तिचं लक्ष बॉलवर होतं. तो वेगात गेला आणि लाइनीच्या अलीकडे थांबला. घरंगळत, रेंगाळत नव्हे. कुणी त्यावर पाय ठेवावा तसा.

"तिकडे कोण होतं गं?" घरी जाताना तिने विचारलं.

"हात वर होता, आई. आय सॉ इट." ऋता खिडकीबाहेर बघत राहिली.

पुढच्या दोन मॅचमध्ये तेच घडलं. ज्ञानदाने मोरेश्वर काकांना गाठलं. काका म्हणजे टीममधल्या निधीचे आजोबा, हृदयाचे निवृत्त डॉक्टर, दर शनिवारी कॅनव्हासची खुर्ची टाकून नातीची मॅच बघणारे. "डोळे तपासून घे तिचे," काका म्हणाले. तपासले. डोळे लख्ख होते.

शेवटी एका प्रॅक्टिसला तिने कोचलाच विचारलं. मैदानाकडे बघतच तो बोलू लागला. आवाजात कसलाही चढउतार नव्हता.

"गावच्या क्लबात माझ्या डावीकडे नेस्तोर खेळायचा. माझे निम्मे गोल त्याच्या पासवर. मी त्याला उलट पास फारसा कधी दिला नाही. फायनलला शेवटची दहा मिनिटं उरली होती. त्याने हात वर केला. मी पाहिला, सेन्योरा. पाहूनही मीच मारला. गोल झाला, तो मी मोजत नाही. सगळे माझ्या अंगावर पडले. तो ढीग उठला तेव्हा नेस्तोर डावीकडे आडवा होता, एक हात डोक्यावर गवतात ताणलेला. हृदय बंद पडलं होतं. तो बॉल मागत होता की मला बोलवत होता, ते मला पंचेचाळीस वर्षांत कळलेलं नाही."

"मुलींना हे सांगितलंय तुम्ही?"

"कधीच नाही."

डावीकडे भांडं होतं. आपल्याकडे पितरांचं पान वाढून ठेवतात, ते ज्ञानदाला आठवलं आणि एवढ्या उन्हात तिच्या अंगावर काटा आला.

तरीही ती आईच होती आणि आई म्हणून तिचं एक गणित होतं. नोव्हेंबरातल्या एका मॅचला राज्याच्या टीमसाठी निवड करणारे येणार होते. त्यांच्या वहीत गोल लिहिले जातात, हवेला दिलेले पास नाहीत. आपल्या लोकांना खेळसुद्धा बोर्डाच्या परीक्षेसारखाच दिसतो, त्याला कोण काय करणार. मॅचच्या सकाळी गाडीत तिने ऋताला बजावलं, "आज डावीकडे बघायचं नाही. पेपर सोडवताना शेजारी बघतो का आपण? नाही ना? तसंच. समोर गोल दिसला की मार."

"पण कोचचा रूल?"

"कोचचं मी बघते."



मॅच एक-एक अशी अडली होती. दुसऱ्या हाफमध्ये बाजू बदलल्या आणि टीमचा बाक मुलींच्या डावीकडे आला. ज्ञानदाला लेकीचा गोल मोबाइलवर हवा होता, म्हणून बाक सोडून ती पार कोपऱ्यापर्यंत गेली. राखीव मुलीही लाइनीला चिकटून उभ्या होत्या. बाकाकडे सगळ्यांच्या पाठी होत्या. शेवटची पाच मिनिटं राहिली आणि बॉल ऋताच्या पायाशी आला. तिने एकीला चकवलं, दुसरीला मागे टाकलं. समोर एकटी गोलकीपर आणि तीही चुकीच्या बाजूला झुकलेली.

"मार," ज्ञानदा पुटपुटली.

ऋताने डावीकडे पाहिलं आणि बॉल तिकडे जोरात ढकलला.

ज्ञानदाच्या तोंडून शिवी निसटली. पालक, रेफरी, वही घेतलेली ती दोन माणसं, सगळ्यांच्या नजरा बॉलमागे गेल्या. या वेळी बॉल लाइनीच्या अलीकडे थांबला नाही. लाइन ओलांडून, राखीव मुलींच्या पायांमधून तो सरळ बाकापाशी गेला. तिथे कोच गवतात पडला होता. पाठ बाकाला टेकलेली, तोंड राखाडी, एक हात अर्धा वर. आवाज फुटत नव्हता. तो हात किती वेळ वर होता कोण जाणे.

पंचाहत्तरीचे मोरेश्वर काका समोरच्या बाजूने मैदान आडवं कापत धावले. गुडघे टेकून त्यांनी छाती दाबायला सुरुवात केली. "भिंतीवरची पेटी आणा," ते म्हणाले आणि ज्ञानदा स्वच्छतागृहाकडे पळाली. तिथली हृदयाला झटका देणारी पेटी तिने धावत आणून दिली. दुसऱ्या झटक्याला हेबरने श्वास घेतला. आणखी दोन मिनिटं गेली असती तर काही खरं नव्हतं, असं काका नंतर म्हणाले. गोल झाला असता, तर ती दोन मिनिटं नाचण्यातच गेली असती.

नंतर इस्पितळातून ज्ञानदा ऋताला घेऊन घरी निघाली. बघू नकोस, असं आपणच लेकीला सांगितलं होतं, याची तिला लाज वाटत होती.

"सॉरी, बाळा. तुला कोच पडलेले दिसले म्हणून पास दिलास ना?"

"नो. कोच दिसलेच नाहीत. ही वॉज स्टँडिंग इन फ्रंट."

"कोण?"

"लेफ्टला असतो ना, तो." ऋताने सीटबेल्ट उगाच ओढून बघितला. "पण आज त्याने बॉल नाही मागितला, आई. माझ्याकडे पाठ करून उभा होता. मागे हात दाखवत होता, बाकाकडे."

ज्ञानदाने गाडी बाजूला घेतली. 

राज्याच्या टीमच्या यादीत ऋताचं नाव आलं नाही. मार्चमध्ये हेबर परत आला, छातीवर टाक्यांचे वण आणि हातात थर्मास. ऋता काय म्हणाली ते ज्ञानदाने त्याला सांगितलं.  मग भांडं भरून त्याने सवयीने तिच्यापुढे धरलं. या वेळी ती त्याच उष्ट्या नळीने प्यायली. कडू जहर होतं, पण तिने संपवलं.

"एकशे अकरा," कोच मैदानाकडे बघत म्हणाला.

ज्ञानदाने थर्मास घेऊन भांडं पुन्हा भरलं, डावीकडे सावलीत ठेवलं आणि मुलींची ओळखपत्रं लावायला घेतली. मागून गुरगुर आली तेव्हा तिने वळून पाहिलं नाही.