‘राष्ट्रवादी’ सेविकेचा खुलासा

“हा शब्द कोणी लिहिला?”

प्रकल्प अधिकारी मॅडमनी कागदावर पेनाचे टोक ठेवले होते. टेबलासमोर अंगणवाडी सेविका सुमनबाई उभ्या होत्या. शेजारच्या खुर्चीवर त्यांचा चुलत दीर रघुनाथ बसला होता. सुमनबाईंनी मागे वळून दाराकडे पाहिले. दारात मी उभा होतो.

“मी लिहिला,” मी म्हणालो.

“तुम्ही वकील आहात?”

“नाही. अर्जनवीस.”

“मग दारात का उभे आहात? आत या. तुम्हालाही विचारायचे आहे.”

माझ्या व्यवसायात अर्जनवीस सुनावणीला आत जात नाही. तो बाहेर कागद लिहितो आणि कागद आत जातो. त्या दिवशी कागदामागून मला जावे लागले. म्हणून हा प्रसंग मी जसा घडला तसा नमूद करीत आहे.

प्रथम माझ्याविषयी. मी मूळचा दोंडाईच्याचा. शिक्षण नववीपर्यंत. परंतु सातपुड्याच्या पायथ्याच्या या तालुक्यात कचेरीसमोरच्या निंबाखाली माझे टेबल इतकी वर्षे आहे, की नवे कारकून बदलून आले म्हणजे नमुन्यासाठी माझे जुने मसुदे मागून नेतात. नामांकित वकिलांनीही माझ्या मसुद्यात शब्द बदललेला नाही. हे मी बढाई म्हणून सांगत नाही. पुढचा प्रकार समजण्यासाठी ते आवश्यक आहे.

सुमनबाई माझ्याकडे आल्या तेव्हा त्यांच्या हातात नोटीस होती. स्वातंत्र्यदिनाच्या आधीच्या सोमवारी तालुक्याच्या ठिकाणी तिरंगा रॅली झाली होती आणि सर्व सेविकांना तीत हजर राहण्याचा निरोप होता. सुमनबाई गेल्या नाहीत. त्यावर गावातून तक्रार झाली. तक्रारीची प्रत नोटिशीला जोडलेली होती. तिच्यात लिहिले होते की सदर सेविका राष्ट्रविरोधी प्रवृत्तीची असून तिने रॅलीच्या दिवशी सकाळी घरोघर फिरून बायांना रॅलीस जाण्यापासून परावृत्त केले. नोटिशीचा शेवट असा होता: ‘आपणांस सेवेतून कमी का करण्यात येऊ नये, याचा खुलासा सादर करावा.’

खुलासा म्हणजे आपल्यावर आलेल्या आरोपाचे लेखी उत्तर. तो वेळेत दिला नाही तर आरोप मान्य आहे असे धरतात.

“तक्रार कोणाची?” मी विचारले.

“रघुनाथ भाऊनी. मना चुलत देर. त्याना बायकोले मनी जागा पाहिजे.” सुमनबाई हळू बोलत होत्या. “जागानं दुख नही, भाऊ. पन हाई राष्ट्रविरोधी लिखेल शे ना, ते जर कागदवर राही गयं, ते मनी पोरले कोठे नोकरी लागी का? ती पोलिस भरतीनी तयारी करी राहिनी.”

म्हणजे एका कागदावर दोन जिवांचे भवितव्य होते. मी खुर्ची पुढे ओढली.

येथे आमच्या व्यवसायातील एक पद्धत सांगितली पाहिजे. अर्जाच्या आरंभी अर्जदाराची ओळख असते: नाव, वय, धंदा, राहणार. एवढ्याने अर्जास वजन येत नाही. म्हणून ओळखीत आम्ही एक भारदस्त शब्द घालतो. कोणी ‘गरीब व होतकरू’ असतो, कोणी ‘कायद्याचा आदर करणारा’. अर्जदार तो शब्द बोललेला नसतो. तो आम्ही आमच्या अनुभवातून देतो. विरुद्ध बाजूच्या कागदातही असाच शब्द असतो, फक्त उलट दिशेचा. दुसरी पद्धत अशी की समोरचा कागद कोणी लिहिला, हे निंबाखाली कोणी कोणास विचारत नाही. एकाच भांडणाचे दोन्ही अर्ज शेजारशेजारच्या टेबलांवर लिहिले जातात आणि दुपारी आम्ही एकाच टपरीवर चहा घेतो.

‘प्रवृत्तीची असून’ ही धाटणी मी ओळखली. ती शेजारच्या टेबलावरच्या दगाबापूंची होती. मी विचारले नाही.

‘राष्ट्रविरोधी’ या शब्दास तोडीस तोड उत्तर हवे, असे माझे मत झाले. मी लिहिले: ‘मी खाली सही करणार सौ. सुमन, धंदा अंगणवाडी सेविका, कट्टर राष्ट्रवादी विचारांची...’

हा शब्द मी उगाच निवडला नव्हता. आमच्या दोंडाईच्याच्या घरी आजोबांचा फोटो होता. इंग्रजांच्या अमदानीत ते धुळ्याच्या तुरुंगात जाऊन आलेले होते. वडील पाहुण्यांना फोटो दाखवून म्हणत, “हे राष्ट्रवादी होते.” तेवढे म्हटले की पाहुणे पायातल्या वहाणा काढून फोटोजवळ जात. माझ्या मनात त्या शब्दाची किंमत ही आहे.

अर्ज वाचून दाखवला तेव्हा सुमनबाई तिथेच थांबल्या.

“भाऊ, हाई कसाले लिखं? मी कोना पक्षनी नही.”

“पक्षाचे नाही, बाई. देशाला मानणारी, असा अर्थ आहे.”

“ते मी मानस. पन हाई शब्द मना तोंडना नही.”

“तुमच्या तोंडचे शब्द साहेब वाचत नाहीत. सही करा.”

त्यांनी सही केली.

आता पुन्हा मॅडमच्या दालनात येऊ.

मॅडम साताऱ्याकडच्या, नव्याने बदलून आलेल्या. आवाज चढवत नसत. त्या म्हणाल्या, “सेविका मानधनावर असते. तिला राजकीय पक्षाचे काम करता येत नाही. हा खुलासा जळगावला जिल्हा परिषदेत जाईल. तिथला कारकून हा शब्द वाचून काय समजेल?”

रघुनाथ लगेच खुर्चीवर पुढे सरकला. “तेच मॅडम! तिचा भाऊ चोपड्याला पुढाऱ्यांच्या मागे फिरतो. आता तिनंच लिहून दिलं.”

तक्रारीत नसलेला एक नवा आरोप माझ्या शब्दातून उभा राहिला होता. सुमनबाईंनी माझ्याकडे पाहिले नाही. पाहिले असते तर बरे झाले असते.

मी म्हणालो, “मॅडम, शब्द पक्षाच्या अर्थाने नाही. स्वातंत्र्य चळवळीच्या अर्थाने आहे. जो देशाला स्वतःच्या वर मानतो तो राष्ट्रवादी.”

“तो अर्थ माझ्या वडिलांचा,” मॅडम म्हणाल्या. “ते प्राथमिक शिक्षक होते. हा शब्द त्यांना कोणी लावला की त्यांची मान ताठ व्हायची. माझा भाऊ तोच शब्द रोज वापरतो, पण दुसऱ्याला प्रश्न विचारण्यासाठी. तू आहेस का, नसशील तर का नाहीस. आणि माझ्या कॉलेजातल्या मुलाला कोणी राष्ट्रवादी म्हटले, तर त्याला ती शिवी वाटते. एका घरात जेवायला बसलो की तिघांचे तीन अर्थ असतात. तुम्ही ‘कट्टर’ लिहिले आहे. कोणत्या अर्थाने कट्टर?”

इतक्या वर्षांत मला अर्जातील शब्दाचा अर्थ कोणी विचारला नव्हता. माझ्या अर्जांवर शिक्के पडत, निर्णय होत, परंतु असा प्रश्न येत नसे.

“आणि तुम्ही,” मॅडम रघुनाथकडे वळल्या, “राष्ट्रविरोधी म्हणजे काय, ते सांगा.”

“म्हणजे... रॅलीला आली नाही.”

“आणखी?”

“घरोघर फिरली. बायांना सांगितलं, जाऊ नका.”

“तुम्ही पाहिले?”

रघुनाथ म्हणाला, “गावात बोलणं होतं.”

मॅडमनी पेन खाली ठेवले. “बाई, तुमचा खुलासा बाजूला ठेवते. त्या सोमवारी सकाळी तुम्ही कुठे होतात?”

“मना डोकावर कानबाई व्हती,” सुमनबाई म्हणाल्या.

मॅडमना कळले नाही. तेवढ्यापुरता माझा उपयोग झाला. मी सांगितले की कानबाई ही खान्देशची देवी. श्रावणात नागपंचमीनंतरच्या रविवारी ती घरात बसवतात, रात्र जागवतात आणि सोमवारी सकाळी डोक्यावर घेऊन वाजतगाजत नदीवर विसर्जनाला नेतात. ज्या बाईच्या डोक्यावर कानबाई असते, ती वाटेत कोणाच्या घरात शिरत नाही, मागे फिरत नाही. आणि रोट. भाऊबंदकीतल्या प्रत्येक पुरुषाच्या नावाने मुठी मोजून गहू घेतात, घरीच दळतात आणि त्याचा प्रसाद फक्त त्या भाऊबंदकीने खायचा असतो. बाहेर द्यायचा नसतो. एका रोटाचे लोक म्हणजे एका रक्ताचे.

“मग हे खुलाशात का नाही?” मॅडमनी मला विचारले.

खरे कारण असे होते की मी विचारलेच नव्हते. नोटीस वाचल्याबरोबर मला शब्द सुचला होता आणि शब्द सुचल्यावर मी बाईंना काही विचारायचे थांबलो होतो. मी म्हणालो, “राहून गेले.”

सुमनबाईंनी आता पदर खांद्यावरून घट्ट ओढून घेतला आणि त्या प्रथमच रघुनाथकडे वळल्या.

“रघुनाथ भाऊ, कानबाईपुढे वाजावाले लीसन कोन चालनं?”

तो भिंतीकडे पाहू लागला.

“तूच चालना ना? मना पुढे, चार पावलंवर. मागे वळी वळीसन सांगे, वहिनी, हळू, वहिनी, चिखल शे. रोट आपला एक शे. तू बी खादा, मी बी खादा. त्या रोटनी आन लीसन मॅडमले सांग, त्या दिन मी कोना घर गयथी?”

मॅडमना सगळे शब्द समजले नसावेत. तरी त्या रघुनाथकडे पाहू लागल्या.

मी कोर्टात माणसे शपथेवर खोटे बोलताना पाहिली आहेत. डोळ्याची पापणी हलत नाही त्यांची. रघुनाथला ते जमले नाही. तो म्हणाला, “वहिनी, तू रोटले मधी कसाले आनस?”

“तू मले देशना बाहेर काढी राहिना. मंग मी कोनले मधी आनू?”

रघुनाथ मॅडमकडे न पाहता बोलला. “मॅडम, मी एवढंच सांगितलं होतं की ती रॅलीला नव्हती, जागा दुसऱ्याला द्या. बाकीचं लिहिणाऱ्यानं घातलं. मला वाचून दाखवलं तेव्हा बरं वाटलं, म्हणून मी सही केली.”

“म्हणजे घरोघर फिरल्याचे खोटे?”

“ती विसर्जनातच होती.”

मॅडमनी दोघांनाही कोरा कागद दिला. म्हणाल्या, “जे घडले तेवढेच लिहा. कोण कसा आहे ते लिहू नका.” रघुनाथने दोन ओळी लिहिल्या. सुमनबाईंनी पाच. त्या सेविका आहेत, लिहिता त्यांना उत्तम येते. माझ्याकडे त्या केवळ कचेरीच्या भाषेसाठी आल्या होत्या. पाचवी ओळ अशी होती: ‘पंधरा ऑगस्टला मी मुलांना घेऊन अंगणवाडीत झेंडावंदन केले, मुलांना खाऊ दिला.’ मी उभा होतो. मला कोणी कागद दिला नाही.

निकाल असा झाला. परवानगी न घेता गैरहजर राहिल्याबद्दल सुमनबाईंना लेखी समज मिळाली. सेवेतून कमी करण्याची नोटीस रद्द होऊन प्रकरण दप्तरी दाखल झाले, म्हणजे फाईल बंद झाली. ‘राष्ट्रविरोधी’ शब्द असलेली तक्रार तक्रारदाराने स्वतः मागे घेतली, असा शेरा मॅडमनी स्वतःच्या हाताने लिहिला. त्या शेऱ्याची सहीशिक्क्याची प्रत मी सुमनबाईंना मागून घ्यायला लावली. तेवढे काम मी नीट केले.

बाहेर आलो तर दगाबापूंनी टेबलावरून मान वर केली. “काय झालं?”

“तुमचा शब्द गेला. माझाही गेला.”

“बाईची जागा?”

“राहिली.”

“मग झालं तर! तू तोंड का पाडलंस?” ते हसले. “मी मारायचं, तू वाचवायचं, दोघांची चूल पेटते. असंच चालतं रे.”

“बापू, राष्ट्रविरोधी म्हणजे काय, असं तुम्हाला आत बोलावून विचारलं असतं तर काय सांगितलं असतं?”

ते चष्मा पुसू लागले. “मी कशाला सांगू? अर्ज त्याचा होता.”

आमच्या व्यवसायाचे सगळे तत्त्व त्या शेवटच्या तीन शब्दांत आहे आणि त्या दिवसापर्यंत ते मला पटत होते.

पुढल्या श्रावणात सुमनबाई पोरीच्या एका दाखल्यासाठी आल्या. मी रघुनाथची चौकशी केली. त्या म्हणाल्या, यंदा रोट वेगळा केला. भाऊबंदकीतली माणसे बसली, समजूत घालून पाहिली, पण रघुनाथ रोटासाठी सुमनबाईंच्या घरी यायला तयार झाला नाही आणि त्यांनीही बोलावले नाही. आजेसासऱ्यांपासून चालत आलेला रोट दोन घरांत दळला गेला. रघुनाथच्या म्हाताऱ्या आईने कोणत्या घरी खावे हे कोणी ठरवून दिले नाही. ती उपाशी राहिली.

मी त्यांचा दाखल्याचा अर्ज लिहिला. नाव, वय, धंदा, राहणार. मग पेन थांबवून विचारले, “आणखी काही लिहायचे आहे?”

“नही,” त्या म्हणाल्या. “एवढंच खरं शे.”

या व्यवसायात येऊ इच्छिणाऱ्या माणसास माझे सांगणे इतकेच आहे: अर्जदार जे बोलला नाही, ते त्याच्या सहीच्या वर येऊ देऊ नये. शब्द आपला असला तरी त्याचा जाब अर्जदाराला विचारतात, कारण सही त्याची असते.