अनंतरावांचा आवडता बदमाश

पुंडलिकनगरात कुणाची सोयरीक जमायची झाली की मुलीकडची माणसं आधी अनंतरावांकडे चौकशीला येत. अनंतराव निवृत्त हेडक्लार्क, खोटं बोलणं ठाऊकच नाही. त्यांच्या खरेपणापायी तीन लग्नं मोडली होती, आणि त्याचा त्यांना थोडा अभिमानही होता.

याच माणसाला दुपारच्या चहाबरोबर अमेरिकन सिनेमे लागत, तेही बदमाश नायकांचे. नायक बँक लुटणार, मित्राला फसवणार, आणि आमचे अनंतराव तो पोलिसांच्या हाती लागू नये म्हणून देव पाण्यात घालून बसणार! त्यांच्या पत्नी कालिंदीकाकू विचारत, “असल्या मेल्यात काय आवडतं हो तुम्हाला?”

“आतून चांगला आहे गं तो.”

नायकाच्या घरातले, बायकोच्या रडारडीचे सीन मात्र ते रिमोटनं पुढे पळवत.

शेजारचा अतुल त्यांना तसाच वाटे. दारू पिऊन त्यानं साहेबावर हात उचलला होता, नोकरी घालवली होती. पण लकवा झालेल्या आईला तो रोज सकाळी उचलून उन्हात बसवायचा, तिची वेणी घालायचा.

गेल्या रविवारी सोयगावहून बन्सी आले. त्यांच्या सायलीसाठी अतुलचं स्थळ सांगून आलं होतं. “पोरगं कसं हाय, साहेब?”

“आईला फार जपतो. लाखात एक मुलगा,” अनंतराव म्हणाले. दारूचा विषयच काढला नाही.

“मंग झालं. तुमी म्हणल्यावर दुसरीकडं इचारायचं कामच नाय.” पोहे संपवून बन्सी उठले.

अनंतरावांनी अर्धवट राहिलेला सिनेमा लावला. नायक पिऊन घरी आला आणि त्यानं काचेची बशी भिंतीवर फेकली. रिमोट हातातच होता, पण आज बटण दाबवेना. बायको खाली बसून बराच वेळ काचा वेचत होती. ती सायलीच्याच वयाची असावी. त्यांनी टीव्ही बंद केला आणि चपला घातल्या.

बन्सी चौकात रिक्षाची वाट बघत होते. अनंतरावांनी धापा टाकत दारूचं, नोकरीचं, सगळं सांगून टाकलं.

“मंग मगाशी का नाय बोलला?”

अनंतराव ओशाळले. “मला आवडतो तो.”

रिक्षा येऊन थांबली. बन्सी आत बसले.

“तुमाला आवडू द्या की, साहेब. नांदायचं माझ्या पोरीला हाय.”